बाणाचा ण

त्या दिवसांत माझ्या पर्समध्ये ना पावडर होती ना कंगवा, होती ती एक शंभर पानी वही. तिच्या प्रत्येक पानावर मधोमध पट्टीनं रेघ मारलेली. डावीकडे नळाचा न, उजवीकडे बाणाचा ण. डावीकडे मन, जन, वन, धन, नयन, वेदना. उजवीकडे पाणी, कोण, आणि, कारण, प्रमाण, परिणाम. बसमध्ये खिडकीची जागा मिळाली की वही मांडीवर उघडायची आणि ओठांतल्या ओठांत घोकायला सुरुवात. शेजारच्या बायका आधी ही काही जप करतेय असं समजून गप्प बसायच्या, मग हळूच वहीत डोकावायच्या, मग थोड्या सरकून बसायच्या. वहीच्या पुठ्ठ्यावर मी स्वतःच्या हातानं, ठळक अक्षरात 'शंभर पाणी वही' असं लिहिलं होतं. एवढं घोकूनही माझी गत ती तशी होती.

मी घणसोली गावातली, आणि आमच्या घरात ण नव्हता. कुणी चोरून नेला होता असं नाही, तो आमच्याकडे कधी राहायलाच आला नव्हता. आय पानी भरायची, दार वाजलं की 'कोन हाय?' विचारायची, आणि आमच्या तोंडी गावाचं नावसुद्धा घनसोलीच होतं. बापूस मिठागरावर राबलेला. मिठागरं बंद झाली, शेतं नव्या शहरात गेली, तेव्हा त्यानं घरामागं चार खोल्या काढून भाड्यानं दिल्या आणि उरलेला वेळ ओट्यावर बसून जाणाऱ्या-येणाऱ्याकडे बघण्यात घालवला. पहिल्या खोलीत साताऱ्याकडची वहिनी, तिचा नवरा मार्केटात गोणी उचलायचा. मधल्या दोन खोल्यांत मराठवाड्यातली एक मावशी आणि तिची लेकरं, शेवटच्या खोलीत चिपळूणकडचे दोघं भाऊ. भिंती इतक्या पातळ की कुणाच्या घरी काय शिजतंय हे वासानं कळायच्या आधी भांडणावरून कळायचं. वहिनी नवऱ्याला 'काय करतुयास रं' म्हणून झापायची, मावशी 'लेकरू अजून आलं नाही की वो' म्हणत दारात उभी राहायची, आणि मी भाकरी भाजता भाजता सगळ्यांच्या नकला करायची. वहिनीची नक्कल वहिनीसमोर केली तरी ती हसायची. त्यांच्या बोलण्याची मला कधी लाज वाटली नाही. लाज वाटायची ती फक्त आमच्या स्वतःच्या घराची, आणि असं का, ते मला आजही धड सांगता येत नाही.

आय सकाळी तांदळाच्या भाकऱ्या थापायची, त्याच्यासोबत जवळ्याची चटणी नाहीतर वालाचं बिरडं. मी उभ्या उभ्या खायची. बसून जेवणं मला तेव्हा जमायचं नाही, बसले तरी पाय हलत राहायचा, पाय धरून ठेवला तर बोटं वाजायला लागायची. आय म्हणायची, या पोरीच्या पायाला कोनी भिंगरी बांदलीय. माझी एक मैत्रीण लग्न होऊन उरणला गेली, दुसरी पोरगी वाशीच्या साड्यांच्या दुकानात लागली, आणि मला यातलं काहीच नको होतं, पण काय हवंय तेही सांगता येत नव्हतं. बारावीनंतर टायपिंगच्या क्लासला गेले ती निव्वळ घरातून बाहेर पडायला. तिथं कुणीतरी सांगितलं की तुर्भ्याला एका छापखान्यात मराठी टाइप करणारी मुलगी हवीय. दुसऱ्याच दिवशी गेले, आणि लागले.

छापखाना औद्योगिक वसाहतीतल्या एका गाळ्यात होता. समोर ट्रकांची रांग, शेजारच्या गाळ्यात प्लॅस्टिकच्या बादल्या तयार व्हायच्या. तिथला साचा धाडकन मिटला की आमच्या स्क्रीनवरची अक्षरं थरथरायची. मालक विलासदादा. त्यांचे वडील मार्केटात हमाल होते, दादांनी शिकून छापखाना काढला आणि वर्षभर लेबलं, लग्नपत्रिका, बिलबुकं छापून पोट भरलं. पण वर्षातून एकदा, दिवाळीला, ते स्वतःचा अंक काढायचे. त्यात ना नफा होता ना नाव. घरचे वैतागायचे, दादा मात्र श्रावण लागला की वेगळेच दिसायला लागायचे. टपालवाल्याची वाट बघत ते दारात फेऱ्या मारायचे. मला बरं वाटायचं, म्हटलं चला, फेऱ्या मारणारं आणखी कुणी आहे.

आणि काय काय यायचं त्या टपालातून. नागपूरच्या एका बाईंची ऐंशी पानी दीर्घकथा, अक्षर असं की प्रत्येक वेलांटी टोपी घालून निघालीय. लातूरकडच्या एका शिक्षकाचं आपल्या वस्तीवरचं आत्मकथन, ते टाइप करताना मी दोनदा उठून मोरीवर तोंड धुऊन आले. कन्नडमधून आणलेली कथा, बंगालीतून आणलेल्या कविता, कुण्या इंजिनिअरचा पुलांवरचा लेख, सापांच्या विषावर एका डॉक्टरांचा, आणि मूलकणांवर एका प्राध्यापकांचा, ज्यांचं अक्षर त्या कणांइतकंच बारीक. मग राशिभविष्य, पाककृती, व्यंगचित्रांच्या ओळी. माणूस न बघता नुसत्या अक्षरावरून मी ओळखायला लागले की हा चिडका आहे, ही घाईत आहे, याला वाटतंय की आपलं कुणी वाचणार नाही. दादा म्हणायचे, आपल्या अंकात कथेपासून कणापर्यंत सगळं. आमच्या घरात पुस्तक म्हणजे पंचांग. आणि इथं मी रोज खुर्चीत बसायची आणि लिहिणाऱ्यानंतर ते वाचणारी जगातली पहिली माणूस मी असायची. मला काय हवं होतं ते मला त्या खुर्चीत कळलं. ती खुर्ची मला हवी होती.

पण खुर्चीवर बसायचं तर ण यायला हवा, आणि मराठीतलं विज्ञान म्हणजे ण चा कारखाना. अणू, रेणू, कण, किरण, घर्षण, गुरुत्वाकर्षण, ऋणभार, गुणसूत्र, लवण. प्राध्यापकांचा पहिला लेख मी टाइप केला तो सगळा 'मूलकन' आणि 'गुरुत्वाकर्षन'. समोर कागदावर ण लिहिलेला असूनही माझी बोटं न वर जात होती, कारण वाचताना माझ्या डोक्यात तो आयच्या आवाजात वाजायचा. मुद्रितं तपासायला मालतीबाई यायच्या. वाशीला राहायच्या, शाळेतून निवृत्त झालेल्या, लाल पेन आणि स्वतःच्या चहाचा थर्मास घेऊन यायच्या. आमची कामाची पद्धत अशी होती की मी मूळ हस्तलिखित मोठ्यानं वाचायचं आणि मालतीबाईंनी छापील प्रूफ समोर धरून ते ऐकत चुका पकडायच्या. हस्तलिखित त्या स्वतः बघायच्या नाहीत, डोळे दुखायचे त्यांचे. त्या दिवशी त्यांनी मला दुसऱ्या ओळीवरच थांबवलं. ओरडल्या नाहीत. म्हणाल्या, 'वनिता, तुझ्या तोंडात ण नाही, म्हणून तो बोटांत नाही.' बाकीचा लेख त्यांनी स्वतः, डोळे चोळत, ओळीवर ओळ लावून तपासला. गाळ्यात तेव्हा चार माणसं होती. मला वाटलं, बादल्यांच्या साच्यात जाऊन उभं राहावं.

त्या संध्याकाळी दादांनी मला बाजूला घेतलं. माणूस मनानं चांगला, पण स्पष्ट. म्हणाले की वाशीच्या एका मुलीचा अर्ज आलाय, तिचं शुद्धलेखन पक्कं आहे. हा दिवाळी अंक तुझा. यात ण ची चूक दिसली नाही तर खुर्ची तुझी, नाहीतर तू मागं बायंडिंगला बस, काढून काही टाकत नाही मी. बायंडिंगला बसणाऱ्या बायकांसमोर सगळा अंक यायचा, पण घड्या घालून, उलटसुलट, शिवायला. वाचायला नाही. मी दुसऱ्या दिवशी वही घेतली.

पहिल्यांदा झालं ते भलतंच. ण च्या धास्तीनं मी तो दिसेल तिथं ठोकायला लागले. नागपूरच्या बाईंच्या कथेतली नायिका खिडकीशी उभी राहते आणि तिचं मन भरून येतं, ते मी केलं 'तिचं मण भरून आलं'. म्हणजे चाळीस शेर. पुढं तिचं 'जीवण' उद्ध्वस्त झालं आणि 'णयणांतून' धारा लागल्या. मालतीबाई इतक्या हसल्या की थर्मासचं झाकण घरंगळत मशिनखाली गेलं. एका पावतीवर तर मी स्वतःची सही 'वणिता' अशी केली आणि पुढचा महिनाभर गाळ्यातली सगळी मंडळी मला त्याच नावानं हाक मारत होती. मीही हसायची. मग मोरीवर जाऊन आरशात बघून जीभ मागं वळवायची, टाळूला लावायची, आणि म्हणायची, पाणी, पाणी, पाणी.

आणि ते जमलं. कसं आणि कुठल्या दिवशी ते आठवत नाही, पण गणपती झाले आणि माझ्या लक्षात आलं की डोक्यातला आवाज बदललाय. आता वाचताना आय ऐकू येत नव्हती, मालतीबाई ऐकू येत होत्या. माझा आनंद काही विचारू नका. आणि नवशिक्याला असते तशी मला खाज सुटली. घरी आयनं 'पानी दे गो' म्हटलं की मी तांब्या हातात धरून उभी राहायची, पाणी म्हण मग देते. 'कोन' नाही, कोण. 'हाय' नाही, आहे. पहिले काही दिवस आय हसली. तिनं एकदोनदा प्रयत्न करून बघितला, तिच्या तोंडातून तो ण असा काही निघाला की मावशीची लेकरं पण खिदळली, आणि त्यांच्यासोबत मी पण. त्यानंतर ती माझ्याशी कमी बोलायला लागली. भांडली नाही, रुसली नाही, नुसती कमी बोलायला लागली. भाकरी ताटात टाकायची आणि पुढचं काम करायला जायची. एकदा शेजारणीला सांगताना ऐकलं, 'तिच्याशी बोलाचा म्हंजे जीव घाबरा होतो.' मी ऐकलं आणि बस चुकेल म्हणून पळाले. त्या वाक्याला मी तेव्हा थांबले नाही याचा राग मला अजून येतो, आणि राग काढायला समोर कुणी नाही.

अंक छापायला जायला आठवडा राहिला असताना हसुराम भगत नावाच्या माणसाची कथा आली. एका केमिकल कंपनीच्या जुन्या डायरीत, शाईच्या पेनानं लिहिलेली, बावीस पानं. खाडीकडच्या एका गावातली बाई आपण मिठागरावर कशी राबली ते सांगतेय, एवढीच गोष्ट. सांगणारी ती, आणि सगळं तिच्याच तोंडचं. पहिलीच ओळ होती, 'पानी उतरला का आमी बांदावर जाव. पायाला मीट लागं, ते घरान गेला तरी जलं.' मी वाचलं आणि माझ्या अंगावर काटा आला. आमच्या ओट्यावरचं बोलणं, कागदावर. मी ते आधी कधीच लिहिलेलं बघितलं नव्हतं, असं लिहिता येतं हेही मला ठाऊक नव्हतं. मी 'पानी' टाइप केलं. आणि माझं बोट तिथंच थांबलं.

आता हे मी मोठ्यानं वाचणार मालतीबाईंसमोर. पानी, मीट, घरान. त्या म्हणणार, झालं, आली पुन्हा मूळ पदावर. समजा मी सांगितलं की नाही हो बाई, कागदावरच असं आहे, तर त्या कागद बघणार, आणि मग गाळ्यातल्या सगळ्यांना कळणार की आमच्याकडे असं बोलतात. त्यांना ते ठाऊकच होतं, पण त्या वेळी मला वाटत होतं की मी ते लपवून ठेवलंय. आणि खरं सांगू, मला त्या हसुराम भगतांची दयासुद्धा आली. म्हटलं, बिचारा, माझ्यासारखाच, शुद्धलेखन येत नाही, कुणी सांगितलं नाही याला. एवढी चांगली गोष्ट आणि लोक हसतील. आपण झाकून घेऊ. बावीस पानं मी दोन दिवसांत शुद्ध केली. 'पाणी उतरले की आम्ही बांधावर जात असू. पायाला मीठ लागे, ते घरी गेल्यावरही जळत राही.' एकदा सुरुवात केल्यावर हात असा सुटला की एकही हाय, एकही नाय मागं राहिला नाही. मालतीबाईंसमोर बसून डायरी हातात धरली, डोळ्यांनी वाचलं पानी, तोंडानं वाचलं पाणी. त्यांनी प्रूफ बघितलं, त्यात पाणी. एका खुणेचंही काम पडलं नाही. कथा किती स्वच्छ लिहिलीय, असं त्या म्हणाल्या, आणि मला वाटलं ते मलाच म्हणाल्या.

अंक निघाला. लेखकांना प्रुफं पाठवायची आमच्याकडे पद्धत नव्हती, तेवढा वेळच नसायचा. दादांनी पेढे आणले, मालतीबाईंनी अंक पहिल्यापासून शेवटपर्यंत चाळून ण ची एकही चूक नाही असं सगळ्यांसमोर सांगितलं, आणि दादा म्हणाले की खुर्ची तुझी. घरी येऊन मी आयला सांगितलं. तिनं बरा झाला म्हटलं आणि माझ्या हातावर साखर ठेवली. मी तिला 'बरं झालं' असं सुधारलं नाही, तेवढी तरी अक्कल त्या दिवशी होती.

दिवाळी होऊन चारपाच दिवस झाले असतील. दुपारची वेळ, आम्ही डबे उघडत होतो. कंपनीचा निळा शर्ट घातलेले एक गृहस्थ दारात आले, निवृत्तीला आलेलं वय, खांद्याला डब्याची पिशवी. हसुराम भगत म्हणून त्यांनी स्वतःचं नाव सांगितलं. दादांनी खुर्ची दिली, अंक कसा वाटला विचारलं. ते बसले नाहीत. पिशवीतून अंक काढून टेबलावर ठेवला आणि अगदी हळू आवाजात सांगायला लागले. ती गोष्ट त्यांच्या आईची. तिला दिसत नाही. दोन वर्षं रोज कामावरून आल्यावर तिच्याजवळ बसून ती जशी बोलली तशी त्यांनी ती लिहून काढली होती, काना-मात्रा न बदलता. अंक आल्यावर भाऊबीजेला सगळं घर गोळा करून ते तिला वाचून दाखवायला बसले. पान उघडलं तर वेगळंच. तरी वाचत राहिले, म्हटलं पुढं सापडेल. दोन पानं झाल्यावर म्हातारीनं हात वर करून थांबवलं आणि विचारलं, 'ही बाय कोन? ही कदी मिठावर गेली हाय का?'

ते पुढं म्हणाले की त्यांनी तिला परोपरीनं सांगितलं, हे छापखान्यात झालं. तिचा विश्वास बसत नाही. तिला वाटतं की मुलगा शिकला, कंपनीत लागला, त्याला आईच्या तोंडाची लाज वाटली, म्हणून लोकांना दाखवायच्या आधी त्यानं गोष्ट बदलून घेतली. ती कुणावर चिडली नव्हती. फक्त त्यांच्याशी बोलणं तिनं बंद केलं होतं. एवढं सांगून हसुरामकाका थांबले आणि त्यांनी डोळे शर्टाच्या बाहीला पुसले.

मालतीबाई घाईनं म्हणाल्या, अहो पण मूळ प्रतीप्रमाणेच तर वाचलंय आम्ही. आणि मग त्या माझ्याकडे वळल्या. शिकवण्यात आयुष्य गेलेली बाई, तिला माझ्या तोंडाकडे बघताच समजलं असणार. तरी तिनं विचारलं, डायरीत काय होतं. डायरी माझ्याच ड्रॉवरमध्ये होती. पण त्या क्षणी मला ड्रॉवर दिसत नव्हता, मला खुर्ची दिसत होती, आणि वाशीची ती मुलगी. माझा पाय टेबलाखाली थडथड हलत होता. मी म्हटलं, पानी होतं. मी पाणी केलं. सगळं मीच बदललं.

शेजारचा साचा दोनदा मिटला. मग हसुरामकाकांनी मला विचारलं की तू कुठली. मी म्हटलं, घणसोलीची. जीभ टाळूला लावून, स्पष्ट.

ते माझ्याकडे बघतच राहिले. 'घनसोलीची हायस,' ते म्हणाले, 'आनि तूच?'

दादा मध्ये पडले. पुढच्या अंकात शुद्धिपत्रक छापतो, ठळक छापतो, माफी मागतो. हसुरामकाका म्हणाले, 'नको दादा. शुद्ध करूनच तर घालवलीत.' मालतीबाईंनी लाल पेनाला टोपण लावलं आणि त्या म्हणाल्या की चूक हिची एकटीची नाही, मी कानांनी तपासलं, कागद उचलून बघितला नाही. मला त्यांनी वाचवलं असं मी पुष्कळ वर्षं समजत होते. आता वाटतं, त्या स्वतःशीच बोलत होत्या. हसुरामकाकांना यातलं काही नकोच होतं. त्यांचं एकच मागणं होतं, या मुलीनं घरी येऊन म्हातारीला स्वतःच्या तोंडानं सांगावं की हे तुझ्या मुलानं केलेलं नाही. मी हो म्हटलं. नाही म्हणायला तोंड कुठं होतं.

रविवारी सकाळी गेले. आयला सांगितलं ते खोटंच, मैत्रिणीकडे जाते म्हणून. बस, मग रिक्षा, मग बांधावरून चालत, आणि सगळ्या वाटेत मी वाक्यं जुळवत होते. आजी, मला माफ करा. आजी, माझ्याकडून अनवधानानं. आता हे लिहिताना हसू येतं, अनवधान म्हणे. आज माझा फोनसुद्धा हाच धंदा करतो. पानी लिहिलं की पाणी करून देतो, न विचारता, आणि दर वेळी मी मागं जाऊन ते पुसते. माझ्या मुलीला वाटतं की आईला फोन वापरता येत नाही.

म्हातारी अंगणात गोधडीवर बसली होती, ऊन पाठीवर घेऊन. तळपायांच्या भेगा एवढ्या खोल की मला नजर हलवता येईना. हसुरामकाका लांब, ओट्याच्या कडेला उभे राहिले, तिच्या जवळ गेले नाहीत. मी खाली बसले आणि जुळवलेलं एकही वाक्य आठवेना. म्हटलं की मी छापखान्यातली, मीच बदललं. तुमच्या मुलानं नाही. त्यांनी अगदी बरोबर लिहिलं होतं. मला लाज वाटली, त्यांना नाही. कशाची लाज, असं तिनं विचारलं. मी सांगितलं, आमच्या घरी पण असंच बोलतात, त्याची. आणि मला रडू फुटलं, हुंदके देऊन, लहान पोरीसारखं, नाक पुसायला रुमालही नव्हता.

ती रडू देत राहिली. मग तिनं मुलगा उभा होता त्या दिशेला तोंड केलं आणि म्हणाली, 'हसू, चाय टाक.' एवढंच. तो माणूस जवळजवळ धावत आत गेला.

मग तिनं मला डायरी आणलीय का विचारलं. आणली होती, परत द्यायला. म्हणाली, वाच. मी पहिलं पान उघडलं, डोळे पुसले, गळा साफ केला. समोर काळ्या शाईत, स्वच्छ, मोठ्या अक्षरात लिहिलं होतं, पानी उतरला. आणि माझ्या तोंडातून आलं, पाणी.

मला ते ऐकू आलं. मी थांबले, पुन्हा वाचलं, पुन्हा पाणी. तिसऱ्यांदा ठरवून पानी म्हटलं तर ते नकलेसारखं वाटलं, मी वहिनीची करायची तसल्या. वीस वर्षं जे माझ्या तोंडात होतं ते चार महिन्यांत मी असं घालवलं होतं, आणि आता बोलावलं तरी येत नव्हतं. मी डायरी मिटणार होते.

तिनं चाचपत माझं मनगट धरलं. 'तुजे आयचा नाव काय?'

'हिराबाय.'

'मंग हिराबाय वाचील तशी वाच.'

मी म्हटलं, 'आयला वाचता येत नाय.'

'म्हनून तर तू वाच,' ती म्हणाली.